तटावरच्या कुरडया आणि माझी मान्य झालेली मागणी

तुम्ही गाईड कसे झालात, असं लोक विचारतात. खरं सांगायचं तर आंदोलनात मला कोणी ठेवून घेईना. नगरला कॉलेजात असताना मी एका विद्यार्थी संघटनेची पत्रकं लिहायचो. वसतिगृहातली आमटी पातळ असो की परीक्षेची फी वाढलेली असो, माझ्याकडून एकही वाक्य साधं उतरायचं नाही. 'या गोष्टीचा आम्ही जाहीर निषेध करतो' याच्याशिवाय मला सुरुवात करता येत नसे, आणि 'अन्यथा तीव्र आंदोलन छेडण्यात येईल' याच्या अलीकडे थांबता येत नसे. पुढं संघटना फुटली. दोन्ही गटांना वाटलं मी समोरच्या गटाचा आहे. दोघांनीही माझा जाहीर निषेध केला, आणि तोही मीच शिकवलेल्या भाषेत. मग मी गावी परत आलो.

गाव म्हणजे कोटाचं वडगाव, तिसगावपासून आत. गावात एक भुईकोट आहे. खर्ड्याचा किल्ला ज्यांनी पाहिला असेल त्यांनी तो मनातल्या मनात अर्धा करावा, त्याच्या खंदकात बाभळी लावाव्यात आणि एका बुरुजाला भगदाड पाडावं. झाला आमचा कोट. कोटाला चिकटून जुनी पेठ, पेठेच्या टोकाला वेस, आणि वेशीबाहेर आमचं बुद्धनगर. एवढ्या भागातून मी लोकांना पायी फिरवतो. फळ्यावर लिहिलंय 'परवडणारी पायी कोट-पेठ सहल'. लोक 'परवडणारी' या शब्दासाठी येतात, कोटासाठी येतात असा माझा गैरसमज सुरुवातीला होता. शिंगणापूरला शनीला तेल वाहून झालेलं असतं, परतायला अर्धा दिवस उरलेला असतो, खर्ड्यापर्यंत जायचा कंटाळा आलेला असतो. अशा लोकांच्या उरलेल्या वेळेवर माझा धंदा चालतो.

धंदा कसा असतो ते थोडं सांगतो, कारण बाहेरच्यांना वाटतं गाईडनं फक्त इतिहास पाठ करायचा असतो. ऊन नेहमी स्वतःच्या तोंडावर घ्यायचं, लोकांच्या पाठीवर ठेवायचं. डोळे मिचकावणाऱ्या माणसाला तोफेची गोष्ट पोचत नाही. गोष्टीचा शेवट सावलीत करायचा. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे माणूस दीड तासानं जो प्रश्न विचारतो तो इतिहासाचा नसतो. कोटात स्वच्छतागृह नाही. म्हणून माझ्या सहलीतलं तिसरं प्रेक्षणीय स्थळ आमचं घर आहे. आई दारात उभी राहून पाहुण्यांना पाणी देते आणि हळूच सांगते, "मागच्या बाजूला हाय, बादली भरून ठिवलीय." गुगलवर आमच्या सहलीची जी तारीफ झाली आहे ती बहुतेक त्या बादलीची आहे.

पहिल्या सहली मी मोर्चासारख्या काढल्या. दरवाजासमोर लोकांना अर्धगोल उभं करायचो आणि सुरू व्हायचो, "मित्रहो, आज आपण इथे का जमलो आहोत?" लोक एकमेकांकडे बघायचे. चिंचवडच्या एका बाईंनी मला थांबवून विचारलं, "दादा, ह्यात किल्ला कधी येणार?" दुसऱ्या एकानं शेवटी मला वर्गणी म्हणून काहीतरी देऊ केलं आणि म्हणाला, पावती नको, मी सरकारी नोकरीत आहे.

तर अशा माणसानं कोटाच्या दुरवस्थेबद्दल पुरातत्त्व खात्याला अर्ज न लिहिणं शक्यच नव्हतं. लिहिला. दोन पानी. पायऱ्या दुरुस्त करा, कठडा बसवा, बाभळी काढा, स्वच्छतागृह बांधा, बारवेतला गाळ उपसा, अशा मागण्या झाल्या. सगळ्या रास्त होत्या, आजही आहेत. पण दुसऱ्या पानावर खाली चार बोटं जागा उरली. पत्रक लिहिणाऱ्या माणसाला कोरी जागा बघवत नाही. कागद भरेपर्यंत मागण्या करायच्या, हे आमचं शिक्षण. त्याच दिवशी सकाळी मी तटावर गेलो होतो आणि तिथे माझा अपमान झाला होता. मी शेवटची मागणी लिहिली: 'तटबंदीवर स्थानिक महिलांकडून घालण्यात येणारी वाळवणे ही ऐतिहासिक वास्तूची विटंबना असून ती तात्काळ थांबवावी, अन्यथा तीव्र आंदोलन छेडण्यात येईल.'

वाळवणांचं जरा सांगितलं पाहिजे. उन्हाळ्यात आमच्या गावच्या बाया कुरडया, पापड, सांडगे कोटाच्या तटावर वाळत घालतात. तट गाडी जाईल एवढा रुंद आहे. वर काळा दगड, तो सकाळी आठला तापतो. शेळी चढत नाही, कोंबडी येत नाही, रस्त्याची धूळ पोचत नाही आणि वारा चारी बाजूंनी. गव्हाचा चीक घरी शिजवायचा, गरम पातेलं डोक्यावर घेऊन पायऱ्या चढायच्या, आणि लुगडी अंथरून त्यावर सोऱ्यानं कुरडया पाडायच्या. हे कधीपासून चालतं ते कोणाला माहीत नाही. पण नियम पक्के. वाळवण असताना तटावर चप्पल घालायची नाही. गाईडनंही नाही, पाहुण्यांनीही नाही. त्या सकाळी मी बोलता बोलता चपलेनं एका लुगड्याच्या काठावर पाय ठेवला आणि कमलकाकू ओरडली.

कमलकाकू पेठेतली. शेती आहे, नवरा मितभाषी आहे, म्हणून गावाचं बोलणं तिच्याकडे आलंय. तिनं बायांचा बचत गट काढलाय, त्यात पेठेतल्या बाया आहेत आणि आमच्या बुद्धनगरातल्याही, माझी आई धरून. "ए पत्रकवाल्या," ती सगळ्या पाहुण्यांसमोर म्हणाली, "पाय हायेत का खुरं? काढ ती पायतानं." मी काढली. पाहुण्यांनीही काढली. दगड तापलेला. पुण्याची सात माणसं आणि मी, आठ जण एका पायावरून दुसऱ्या पायावर नाचत होतो, आणि मी त्यांना निजामशाहीचा ऱ्हास सांगत होतो.

अर्ज मी आईला वाचून दाखवला. शेवटच्या मागणीवर ती थांबली. मग म्हणाली, "लिही. तुझं कोन ऐकतंय." गटातल्या सगळ्या बायांना तिनं हे सांगितलं आणि त्या बरेच दिवस हसत होत्या. कमलकाकू तर मी दिसलो की विचारायची, "आंदोलन कदी हाय रं? आमी बी येतो."

नंतरच्या उन्हाळ्यात, म्हणजे मागच्या, गटाला पहिली मोठी ऑर्डर मिळाली. पुण्यातल्या एका दुकानाला कुरडया हव्या होत्या, अख्ख्या, पांढऱ्या, सगळ्या एकसारख्या. मोडका माल परत येणार, पण पहिली खेप नीट गेली तर पूर्ण उन्हाळाभर काम. बायांनी आठवडा लावला. गहू भिजवणं, वाटणं, चीक निवळणं, सगळं एकत्र केलं. ज्या दिवशी कुरडया तटावर पडल्या त्याच दिवशी माझ्याकडे सहल होती. तिच्यात एक टोपीवाले काका होते, बँकेतून निवृत्त, माझ्या प्रत्येक वाक्यानंतर "असं म्हणतात" असं पुटपुटणारे. एक नवरा-बायको होते, त्यांना व्हिडिओ काढायचा होता. बाकी तिसगावची एका घरातली पाच-सहा माणसं.

वर पोचलो तर तट पांढरा झालेला. लुगडीच्या लुगडी. माझ्या पाहुण्यांनी तोफेच्या जागेकडे ढुंकूनही पाहिलं नाही. बायका चीक खायला बसल्या, वर गूळ. टोपीवाल्या काकांनी चपला न सांगता काढल्या आणि आईच्या शेजारी जाऊन बसले. मी एकटाच बुरुजाकडे तोंड करून शत्रू कुठून आला ते सांगत होतो.

शत्रू पायऱ्यांनी आला. मोटरसायकल खाली लावून एक शांत, घामाघूम माणूस वर आला, काखेत फाईल.

"सिद्धार्थ आपणच का?" त्यांनी विचारलं. "अर्जदार?"

मी हो म्हणालो. त्यांनी माझा हात हातात घेतला. "फार मुद्देसूद लिहिता. बाकीच्या मागण्यांना निधी लागतो, त्या वर पाठवल्यात. ही शेवटची बिनखर्चाची होती. म्हटलं, निदान एक तरी लगेच मान्य करू."

शब्द हा माझा धंदा, पण तेव्हा मी फक्त 'आभारी आहे' म्हणालो.

साहेब वाईट नव्हते. त्यांनी बायांना नमस्कार केला आणि म्हणाले, "ताई, हे आज मोकळं करावं लागेल. मला मोकळ्या तटाचा फोटो जोडायचाय."

कमलकाकू उठली. "उद्या दुपारपातूर थांबा, साहेब. ओल्या हायेत. आत्ता उचलल्या तर निस्ता चुरा हुईल. ऑर्डर हाय आमची."

"उद्या मला दुसऱ्या तालुक्यात जायचंय."

मग मी मध्ये पडलो. छाती भरून घेतली आणि म्हणालो, "साहेब, ही तटबंदी केवळ दगडांची नाही. ती श्रमिक स्त्रियांच्या घामानं आजही जिवंत आहे. तिच्यापासून त्यांना तोडणं म्हणजे..."

साहेबांनी फाईल उघडली. "'ऐतिहासिक वास्तूची विटंबना'," त्यांनी वाचलं. "हे आपलंच ना?"

"आमचंच. पण संदर्भ वेगळा होता."

"खाली लिहिलंय, अन्यथा तीव्र आंदोलन. म्हणजे मी हे थांबवलं नाही तर आपण आंदोलन करणार. आणि थांबवलं तर?"

"तरी करणार," मी म्हणालो.

टोपीवाले काका तोंडात चीक असताना हसले. कमलकाकू साहेबांना म्हणाली, "त्येचं काय मनावर घिऊ नका. त्यो ल्हानपनापासून असाच हाय. लेकरू वाईट न्हाई." यापेक्षा मला कोणी चपलेनं मारलं असतं तरी चाललं असतं.

साहेब फोटोशिवाय जाणार नव्हते. दुपार कलेपर्यंत थांबतो, एवढं त्यांनी मान्य केलं आणि ते बुरुजाच्या सावलीत बसले. कुरडई अर्धी ओली असताना हातानं उचलता येत नाही. तिच्याखालचं कापडच उचलावं लागतं, आणि त्याला जरा जरी झोळ पडला तर सगळ्या कुरडया मध्ये घरंगळतात आणि त्यांचा गोळा होतो. म्हणजे प्रत्येक लुगडं ताणून धरायला चहूबाजूंनी सहा माणसं हवीत. बाया होत्या सात. आई माझ्या पाहुण्यांकडे बघत होती. मला कळलं ती काय मोजतेय.

मी पाहुण्यांना विचारलं. खोटं बोलत नाही, विचारताना मी "मित्रहो" म्हणालो. पण या वेळी ते उठले.

आणि इथे माझं एकमेव खरं शिक्षण कामी आलं. अरुंद जागेतून माणसांचा घोळका एका चालीनं कसा न्यायचा, हे मला येतं. मोर्चा मोडतो तो घाईनं. पुढचे थांबतात, मागचे ढकलतात. मी पुढं उलटा चालत राहिलो आणि ताल धरला: हळू चला, तटानं चला. बाया लाजत लाजत म्हणू लागल्या, तिसगावच्या आजी मोठ्यानं म्हणू लागल्या. व्हिडिओवाल्या नवऱ्याला बायकोनं फोन खिशात घालायला लावला आणि लुगड्याचा काठ हातात दिला. टोपीवाले काका घोषणेनंतरही "असं म्हणतात" म्हणाले.

एका वेळी दोन लुगडी, अशा खेपा करत पायऱ्या उतरलो. दरवाजाशी आलो. आमच्या कोटाचा दरवाजा सरळ नाही. आत शिरलं की भिंत लागते, मग काटकोनात वळावं लागतं. हत्तीला धडक मारता येऊ नये, घोडेस्वारांचा वेग तुटावा, म्हणून. हे मी दर सहलीला रंगवून सांगतो. त्या दिवशी पहिल्यांदा मला पटलं की बांधणाऱ्यानं काम चोख केलं होतं. पहिली तीन लुगडी वळली. चौथं आईचं होतं. वळणावर मागच्या दोघांना भिंत आडवी आली, काठ सैल पडला, आणि सगळ्या कुरडया सावकाश, अगदी सावकाश मधोमध गोळा झाल्या. आईनं लुगडं खाली ठेवलं, त्या गोळ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. बाकीची काढा. उभं ऱ्हाऊ नगा."

दरवाजाबाहेर रस्ता दोन्हीकडे जातो. पेठेतली लुगडी डावीकडे वळली, कमलकाकूच्या आणि तिच्या शेजारणींच्या स्लॅबवर. आमची वेशीबाहेर गेली, बुद्धनगरच्या पत्र्यांवर. ठरवून काही झालं नाही. ज्याच्या-त्याच्या घरी जागा होती, तिकडं जो-तो गेला. साहेबांनी मोकळ्या तटाचा फोटो घेतला, माझी सही घेतली आणि निघताना मला म्हणाले, "आपल्यासारखे जागरूक तरुण फार कमी."

स्लॅबवरच्या कुरडया छान वाळल्या. पत्र्यावरच्यांना वरून चटका बसला, आत ओल राहिली, आठवड्यात वास सुटला. दुकानदार फोनवर म्हणाला, माल एकसारखा पाहिजे, पुढच्या वेळी एकाच ठिकाणचा पाठवा. म्हणजे कोणत्या ठिकाणचा हे त्याला सांगावं लागलं नाही. आता पेठेच्या कुरडया पुण्याला जातात आणि बुद्धनगरच्या तिसगावच्या बाजारात. भांडण कोणाचं झालं नाही. गट कागदावर एकच आहे. पण पेठेतल्या आणि बुद्धनगरातल्या बाया एका पातेल्यातून चीक काढून एका दगडावर बसायच्या, अशी गावात तेवढी एकच जागा होती. लग्नात तशा बसत नाहीत, देवळात नाही, ग्रामसभेत तर नाहीच. मी समतेवर किती पत्रकं लिहिली असतील. त्यातल्या एकाही पत्रकात ती जागा नव्हती, कारण ती मला रोज दिसत होती.

आता तटावर पाटी आहे: येथे वाळवण घालण्यास मनाई आहे. सुबक अक्षरात. पायऱ्या तशाच, बाभळी तशाच, स्वच्छतागृह अजून आमच्या घरी. माझ्या सार्वजनिक आयुष्यात मान्य झालेली ही एकमेव मागणी. सहलीत पाहुणे पाटी वाचून विचारतात, इथं वाळवण कोण घालायचं? मी सांगतो. मग ते विचारतात, मनाई कोणी केली? मी त्यांना सावलीकडे नेतो.

या उन्हाळ्याच्या तोंडाशी मी नवा अर्ज लिहिला. वाळवणाचे चार दिवस तट खुला करावा, चपला काढायची अट बायांनी घालावी. साहेबांनी फोनवर सांगितलं, तुमच्या एकट्याच्या सहीवर आता चालणार नाही, महिलांच्या सह्या आणा. मी कमलकाकूकडे गेलो. ती स्लॅबवर पापड उलटत होती.

"न्हाई देत," ती म्हणाली. "तुझ्या एका मागनीत तट गेला. दुसरी मंजूर झाली तर वेस जाईल."

"काकू, ह्यात तुमच्याच बाजूनं लिहिलंय."

"वाच मग."

मी वाचायला लागलो. पहिलं वाक्य संपायच्या आत तिनं हात वर केला, स्लॅबच्या कठड्याशी गेली आणि वेशीच्या दिशेनं हाक मारली. आमचा पत्रा तिथून दिसतो. आई वर सांडगे घालत होती.

"अगं ए, तुझ्या पोरानं ल्ह्यलंय, श्रमिक स्त्रियांच्या सांस्कृतिक हक्कांवर गदा. गदा ठिवू का?"

"काढ," आई तिकडून ओरडली. "गदा मारुतीची."

"मानवी साखळी करू म्हंतोय."

"कोन करनार? काढ ती बी."

मधल्या घरांतून लोक बाहेर आले. पेठेतला शिंपी दुकानाच्या पायरीवर येऊन म्हणाला, "काकू, 'तात्काळ' ठेवा, तात्काळला वजन आहे." कोणीतरी म्हणालं, तात्काळ लिहिलं की वर्ष लागतं. तेही गेलं. कमलकाकू वाकून एकेक वाक्य वाचत होती, आई पत्र्यावरून उडवत होती, मी मांडीवर कागद घेऊन खोडत होतो. दोन पानांचं शेवटी एवढं उरलं: 'उन्हाळ्यात चार दिवस आम्हा सगळ्या बायांना तट पाहिजे. आम्ही झाडून देऊ.'

कमलकाकूनं सही केली. आईची घ्यायला मी निघालो, तेवढ्यात मला खाली उरलेली जागा दिसली, म्हणून मी घाईनं 'आपला विश्वासू' लिहिलं. काकूनं ते वाकून पाहिलं आणि पुन्हा कठड्याशी गेली.

"खाली विश्वासू ल्ह्यलंय गं त्येनं."

आईनं हातातला सांडगा पत्र्यावर ठेवला. सगळी पेठ वाट बघत होती.

"काढाया लाव," ती म्हणाली. "खातं बी आता वळखतंय त्याला."